काँट्री, टीटीएमएम आणि टिपेचे पैसे

जळगावच्या एका ताईंचा प्रश्न आलाय. ऑफिसमधले सहा जण हायवेच्या ढाब्यावर जेवायला गेले, जाताना ठरलं की टीटीएमएम करू, बिल आल्यावर एकानं मोबाईलवर भागाकार करून सगळ्यांना सारखाच आकडा सांगून टाकला, आणि नुसती शेवभाजी-भाकरी खाल्लेल्या दोघी म्हणाल्या की हे टीटीएमएम नाही, ही तर काँट्री झाली. तिथून वाद सुरू. तर ताईंचं विचारणं असं की या दोन शब्दांत खरंच फरक आहे का, टिपला मराठीत काय म्हणायचं, ती काँट्रीत धरायची की नाही, आणि लिहिताना टिप की टीप.

त्या दोघींचं बरोबर आहे. टीटीएमएम म्हणजे तुझं तू माझं मी, यात हिशोब ताटागणिक होतो, ज्यानं जे मागवलं त्यानं त्याचे द्यायचे. काँट्रीत खर्च सगळ्यांचा मिळून एकच धरतात आणि माणसामागे सारखा वाटतात, कोणी किती भाकरी मोडल्या ते मोजत नाहीत, मोजायला बसलात तर लोक म्हणतील अरे मग काँट्री कशाला म्हणता. आता घोळ असा झालाय की "आज पार्टी कोणाकडून नाही, आपापले पैसे आपण द्यायचे" एवढंच सांगायचं असलं तरी लोक टीटीएमएम म्हणून मोकळे होतात, म्हणजे बोलणारा म्हणतो 'कोणी यजमान नाही' आणि ऐकणारा ऐकतो 'ज्याचं त्याचं', आणि दोघांनाही वाटतं आपलं ठरलंय. शब्द एक, करार दोन. बिल येईपर्यंत कळत नाही.

काँट्री हा कॉन्ट्रिब्यूशनचा तोडून घेतलेला तुकडा, आणि मला तरी तो आता मराठीच वाटतो, कारण त्याला मराठी क्रियापद पक्कं चिकटलंय. काँट्री *काढतात*. वर्गणी पण काढतात. टीटीएमएम मात्र *करतात*, कोणी टीटीएमएम काढली असं म्हणत नाही. काढण्यात खिशातून काढून मधे ठेवणं आहे, एकदा मधे गेले की ते पैसे तुझे-माझे राहत नाहीत. टीटीएमएममधे मधे काही जातच नाही. बाकी टीटीएमएमची बांधणीच गमतीची, शब्द चारही मराठी आणि आद्याक्षरं घेतली इंग्रजी लिपीतली, देवनागरीतली घेतली असती तर तुतूमामी झालं असतं आणि कोणी वापरलं नसतं. आपल्याकडे अहिराणीत म्हणून बघा, "तुन्हं तू, मन्हं मी", तरी आद्याक्षरं टीटीएमएमच येतात, त्यामुळे धुळ्या-अमळनेरच्या पोरांना वेगळं काही बनवायची गरजच पडली नाही.

वर्गणी आणि काँट्री एकाच अर्थाचे म्हणून काही जण वर्गणी हाच 'शुद्ध' शब्द वापरा असं सुचवतात, ते मला पटत नाही. वर्गणी गणपतीची असते, देवळाच्या कळसाची असते, तिची पावती फाटते आणि देणारा जेवायला नसला तरी चालतो. काँट्री आपल्याच पोटासाठी. पट्टी हा तिसरा, ती वरून बसते, घरपट्टी पाणीपट्टी आठवा, तिथं तुमची इच्छा कोणी विचारत नाही. म्हणून एखाद्या ग्रुपमधे कोणी म्हणालं "शंभर-शंभरची पट्टी बसवली बॉसनं" तर त्यात कुरकुर आहे हे न सांगता कळतं, तेच "शंभर-शंभरची काँट्री काढली" म्हटलं की खुशीचा मामला.

आणि हिवाळ्यातली आपली भरीत पार्टी यात कुठं बसते हे सांगायलाच हवं, कारण तिथं वाटणी पैशात नसते. ज्याचं मळ्यात वांगं तो वांगी देतो (जळगावच्या भरीताच्या वांग्याला २०१६ मधे भौगोलिक मानांकन मिळालंय, त्यामुळे तो जरा तोऱ्यातच देतो), कोणी तेल आणतो, कोणी कळण्याचं (ज्वारी-उडदाचं) पीठ, कोणी मिरच्या न् शेंगदाणे, आणि ज्याच्याकडे काहीच नाही तो पऱ्हाट्या (कापसाची वाळलेली झाडं) पेटवून वांगी भाजत बसतो, धूर खातो, आणि तोही बरोबरीचा हिस्सेदार. याला कोणी टीटीएमएम म्हणत नाही, काँट्रीही क्वचित म्हणतात, "काय काय आणायचं ते वाटून घेऊ" एवढंच. ज्याचा त्याचा वाटा किती रुपयांचा झाला हे काढायला गेलं की मजा संपली. हॉटेलात गेल्यावर पंचाईत होते ती यामुळेच, आपली सवय भरीत पार्टीची आणि पुढ्यात येतं ते छापील बिल.

बिलाच्या वाटणीला मात्र मराठीत दोन झकास शब्द आहेत आणि ते दोन्ही शेतकऱ्याच्या घरात रोज ऐकू येणारे. एक सरसकट. सरसकट पंचनामे, सरसकट कर्जमाफी, म्हणजे कोणाचं कमी कोणाचं जास्त न बघता सगळ्यांना एकच माप. दुसरा आणेवारी. रुपयाचे सोळा आणे १९५७ च्या एप्रिलमधे दशमान नाणी आल्यावर कायद्यानं गेले, पण भागीदारीत "माझा चार आणे हिस्सा" म्हणणारी माणसं अजून आहेत, आणि पिकाची आणेवारी आता कागदोपत्री पैसेवारी झाली, ५० पैशांच्या आत आली की टंचाईच्या सवलती लागू होतात, तरी गावात आणेवारीच म्हणतात. तर सरसकट म्हणजे काँट्री, आणि आणेवारीनं म्हणजे ज्याच्या त्याच्या खाण्याच्या प्रमाणात. टीटीएमएम करायचं तर कर आणि टिप आणेवारीनं की सरसकट, हा खरा प्रश्न उरतो, कारण ताट ज्याचं त्याचं मोजता येतं पण जीएसटी कोणीच मागवलेला नसतो.

आकड्यात बघू. ताईंनी रक्कम दिली नाही म्हणून सोयीची धरतो. खाण्याचे २४०० रुपये झाले. त्यावर जीएसटी ५ टक्के, म्हणजे बिलावर सीजीएसटी ६० आणि एसजीएसटी ६० अशा दोन ओळी, एकूण २५२०. सरसकट केलं तर माणसामागे ४२०. आता शेवभाजीवाल्या दोघींचं खाणं २५०-२५० चं आणि बाकी चौघांचं ४७५-४७५ चं असेल तर सरसकटीत त्या दोघी दीडशेच्या वर जास्तीचे देतात, दर एकीनं. आणेवारीनं काढायचं तर फार डोकं लावायची गरज नाही, आपल्या खाण्याची रक्कम घ्या आणि तिचा विसावा हिस्सा तिच्यात मिळवा, २५० चे झाले २६२ रुपये ५० पैसे, ४७५ चे ४९८ रुपये ७५ पैसे, बेरीज बरोबर २५२० येते. लोक चुकतात ते इथं, ताटाचे पैसे वेगळे मोजतात आणि कराचे १२० मात्र सहा जणांत सारखे वाटतात, मग ज्यानं कमी खाल्लं त्याच्या माथी दुसऱ्याच्या पनीरचा कर.

टिपचं माझं मत उलटं आहे. ती माणसामागे सरसकट. वेटरनं पाणी सगळ्यांना सारखंच वाढलं, रस्सा तर ज्यानं शेवभाजी घेतली त्याच्याच वाटीत तीनदा ओतला, मग त्यांच्याकडून कमी का घ्यायची? १० टक्के ठेवायची ठरवली तर २४० रुपये, सहा जणांत ४०-४०. म्हणजे त्या दोघींचे ३०२ रुपये ५० पैसे आणि बाकीच्यांचे ५३८ रुपये ७५ पैसे, एकूण २७६०. काही जण टिपही खाण्याच्या प्रमाणात धरतात, तेही चुकीचं नाही, पण आधी ठरवा. हे १० टक्के काढायला कॅल्क्युलेटरही नको, बिलावर जीएसटी ५ टक्के असेल तर त्या दोन ओळींची बेरीज दुप्पट करा, ६० न् ६० एकशेवीस, दुप्पट दोनशेचाळीस. कराच्या आधीच्या रकमेवर टिप आपोआप निघते, आणि ती तशीच काढावी, सरकारच्या करावर वेटरला टिप कशाला. जुनी माणसं टक्के न म्हणता शेकडा म्हणायची, शेकडा दहा, ते जास्त कळतं मला, शंभराला दहा. अर्थात हे दहा टक्के वगैरे मोठ्या हॉटेलातलं, आपल्या ढाब्यावर बडीशेपच्या वाटीत वीस नाहीतर पन्नासची नोट राहते, आणि त्यात कोणाला वाईटही वाटत नाही. अमेरिकेत १५-२० टक्के देतात म्हणून आपणही द्यावेत असं म्हणणाऱ्यांनी तिथलं एक बघावं, तिथं टिप घेणाऱ्या कामगाराला मालकानं द्यायचा किमान रोख पगार केंद्रीय कायद्यानं तासाला २.१३ डॉलर, १९९१ पासून तोच. तिथं टिप हाच पगाराचा मोठा भाग.

बिलावरच्या शब्दांत एक सापळा आहे तोही सांगून टाकतो. सेवाकर आणि सेवाशुल्क. सेवाकर हा सरकारचा होता, १ जुलै २०१७ ला जीएसटी आला आणि तो गेला. सेवाशुल्क म्हणजे सर्व्हिस चार्ज, हे हॉटेलवाल्यानं लावलेलं, सरकारचा संबंध नाही. नावं एवढी जवळची की लोक आजही सर्व्हिस चार्जला कर समजून गुपचूप देतात. केंद्रीय ग्राहक संरक्षण प्राधिकरणानं जुलै २०२२ मधे मार्गदर्शक सूचना काढल्या की हे शुल्क परस्पर बिलात जोडायचं नाही, दुसऱ्या कुठल्या नावानंही नाही, आणि दिल्ली उच्च न्यायालयानं मार्च २०२५ मधे त्या सूचना कायम ठेवल्या. तक्रारीचा नंबर १९१५. तसंच, बरीच लहान हॉटेलं जीएसटीच्या कंपोझिशन योजनेत असतात, म्हणजे उलाढालीवर ठरावीक कर स्वतःच भरतात, त्यांना गिऱ्हाइकाकडून जीएसटी वेगळा घेता येत नाही, त्यांच्या कागदावर टॅक्स इन्व्हॉइस नाही तर बिल ऑफ सप्लाय लिहिलेलं असतं. तो कागद असेल आणि खाली ५ टक्के लावलेले असतील तर विचारायला लाजू नका.

आता टिपला मराठीत काय. बक्षिसी. हा शब्द होता, चांगला होता, आपणच सोडला. बक्षीस फारसीतून आला, मूळ अर्थ नुसतं 'दिलेलं', स्पर्धेशी संबंध नाही, तो अर्थ अजून पाहायचा तर दुय्यम निबंधकाच्या ऑफिसात जा, बापानं पोरीच्या नावावर घर केलं की त्याला बक्षीसपत्रच म्हणतात, पोरीनं शर्यत जिंकलेली नसते. पुढं बक्षीस शाळेतल्या कपबशीला चिकटलं आणि हॉटेलातून बक्षिसी गेली. पोस्त वेगळी, ती वर्षातून एकदा, दिवाळीची, रोजच्या माणसाला. आणि चिरीमिरी, चहापाणी हे शब्द टिपसाठी कृपा करून वापरू नका, त्यांना लाचेचा वास आहे. फरक वेळेचा आहे, चिरीमिरी काम होण्यासाठी देतात, बक्षिसी काम झाल्यावर.

याच कसोटीवर ती फॉरवर्ड होत फिरणारी गोष्टही पडते, की टिप म्हणजे 'टू इन्शुअर प्रॉम्प्टनेस', तत्पर सेवेची हमी. हमीसाठी द्यायची तर आधी द्यावी लागेल ना भो, जेवण झाल्यावर कसली हमी. तसा हा आद्याक्षरी शब्द नाहीच, इंग्रजीत १७ व्या शतकातल्या चोर-भामट्यांच्या बोलीत 'टिप' म्हणजे देणं, हातावर ठेवणं, आणि १८ व्या शतकात त्याचा बक्षिसी हा अर्थ रुळला. आद्याक्षरांचा खरा शब्द टीटीएमएम, आणि त्याची कहाणी मात्र कोणी फॉरवर्ड करत नाही.

राहिलं लिहिणं. मराठी नियमानं शब्द अकारान्त असला की शेवटून दुसऱ्या अक्षरातला इकार-उकार दीर्घ, म्हणून टीप, आणि पुढं प्रत्यय लागला की ऱ्हस्व, टिपेचा, टिपेला. शिलाईची टीप, पोलिसांना मिळालेली टीप, पानाखालची टीप, सगळ्या अशाच चालतात. पण हॉटेलातल्या टीपचं सामान्यरूप लोक करत नाहीत. बिलाचे पैसे म्हणतात, बिलात, बिलावर, म्हणजे बिल पुरतं मराठी झालं. टिपचे पैसे म्हणतात, टिपेचे फार थोडे, म्हणजे ही बाई अजून पाहुणीच. म्हणून मी वर दोन्ही लिहिलंय, आणि ज्यांना ऱ्हस्व टिप लिहायचंय त्यांनी खुशाल लिहावं, उच्चारही तसाच आखूड आहे. क्रियापद मात्र बदलतंय ते लक्षात घ्या. टिप *ठेवतात* म्हणायचो, कारण ती वाटीत मागे राहायची. आता स्कॅनरवर बिल भरताना ठेवायला हातात काही नसतं, वरचे पैसे स्कॅनरवर टाकले तर मालकाच्या खात्यात जातात, म्हणून पोरं वेटरला विचारतात, "दादा, तुमचा नंबर सांगा, तुमचे वेगळे टाकतो".