नाइट ड्यूटी सांभाळून इजिप्तचा अभ्यास जमेल का?

प्रश्न : मॅडम, मी मिरजेत एका हॉस्पिटलमध्ये स्टाफ नर्स आहे. वय ३१. जीएनएमच्या (नर्सिंगच्या पदविकेच्या) पुढे शिक्षण नाही. प्राचीन इजिप्तचं मला वेड लागलंय. मुलगी झोपली की ममी, पिरॅमिड, चित्रलिपी यांबद्दल मिळेल ते वाचत बसते. सासूबाई म्हणतात, "दिवसभर पेशंट आणि रात्री मढी, हे काय खूळ?" इतिहासाची पदवी नसताना, उशिरा सुरुवात करून या विषयात कुणी काही केलंय का? आणि ती लिपी घरी शिकता येते का?
— एक वाचक, मिरज

उत्तर : तुमचं पत्र वाचताना मला सारख्या इजिप्तच्या अभ्यासक मार्गारेट मरी आठवत होत्या. कॉलेजात इतिहास शिकवायचे तेव्हा मुलींना मी त्यांच्याबद्दल आवर्जून सांगायचे.

मरीबाईंचा जन्म कलकत्त्याचा, १८६३ सालचा. वडील तिथे कागद गिरणीचे व्यवस्थापक होते. विशीत त्यांनी कलकत्त्याच्याच जनरल हॉस्पिटलमध्ये नर्सिंगचं काम केलं. पुढे इंग्लंडला गेल्यावर मात्र उंची कमी म्हणून तिथल्या नर्सिंगचं दार त्यांना बंद झालं. १८९४ मध्ये लंडनच्या युनिव्हर्सिटी कॉलेजात इजिप्तविद्येच्या वर्गाला नाव घातलं तेव्हा त्या ३० वर्षांच्या होत्या, आणि पदवी कसलीच नव्हती. इजिप्तविद्येचं हे अध्यासन, म्हणजे प्राध्यापकाचं पद, लेखिका अमेलिया एडवर्ड्स यांनी मृत्युपत्रात ठेवलेल्या पैशांतून उभं राहिलं होतं. बायकांना पुरुषांच्या बरोबरीने पदवी देणारी संस्था म्हणून एडवर्ड्सबाईंनी हेच कॉलेज निवडलं. एका बाईने मागे ठेवलेल्या पैशामुळे दुसऱ्या बाईला वाट मिळाली, याचं मला फार मोल वाटतं.

तिथले प्राध्यापक फ्लिंडर्स पेट्री स्वतः कधी शाळेत गेले नव्हते. त्यांनी मरीबाईंना पहिलं काम दिलं ते उत्खनन-अहवालासाठी चित्रांच्या नकला करण्याचं. चार वर्षांत त्या तिथेच लिपी शिकवायला लागल्या. पेट्री हिवाळाभर इजिप्तमध्ये खणत असायचे आणि इकडे वर्ग मरीबाई सांभाळायच्या. त्यांच्या हाताखाली शिकलेल्यांत रेमंड फॉकनर होते. हे गृहस्थ सरकारी नोकरी करून उरलेल्या वेळात शिकले, आणि १९६२ मध्ये निघालेला त्यांचा मध्य-इजिप्ती भाषेचा (प्राचीन इजिप्ती भाषेच्या मधल्या टप्प्याचा) कोश आजही विद्यार्थ्यांच्या टेबलावर असतो. नाइट ड्यूटीचं काय, हे तुम्हीच ठरवा!

१९०२ च्या हंगामात मरीबाई इजिप्तमधल्या ॲबिडॉसच्या उत्खननावर गेल्या, त्याही सुरुवातीला छावणीची नर्स म्हणून. तिथे पेट्रींनी त्यांना खणण्याचं काम शिकवलं. पहिल्या सेती राजाच्या देवळामागे जमिनीखाली असलेली ऑसिरियन ही वास्तू त्या हंगामात सापडली आणि तिच्यावरचं पुस्तक मरीबाईंनी लिहिलं.

तुम्हाला जवळचा वाटेल असा प्रसंग १९०८ चा, मँचेस्टरचा. दोन भावांच्या ममी, सुमारे ३८०० वर्षांपूर्वीच्या. नावं खनुम-नख्त आणि नख्त-अंख. भरलेल्या सभागृहात मरीबाईंनी त्यातल्या एकाच्या तागाच्या पट्ट्या एकेक थर करून सोडवल्या. ज्यांना पट्टीचा तुकडा हवा त्यांनी नाव-पत्ता द्यावा, असंही तिथे सांगितलं गेलं. आज हे कुणी करणार नाही; ममी न उघडता सीटी स्कॅन करतात. पण मरीबाईंचं काम तमाशाचं नव्हतं. शरीररचनेचे जाणकार, रसायनाचे जाणकार बरोबर घेऊन त्यांनी एकेक गोष्ट नोंदवली. शवपेट्यांवर दोघांची आई एकच लिहिलेली, पण सांगाडे इतके वेगळे की ते सख्खे असतील का, ही शंका तेव्हाच निघाली. २०१८ मध्ये दातांमधल्या डीएनएवरून कळलं की आई खरोखर एक होती, वडील बहुधा वेगळे. शंभर वर्षांपूर्वीची टिपणं नीट होती म्हणून आजच्या तपासणीला अर्थ आला. तापाचा चार्ट भरणाऱ्या तुम्हाला नोंदीचं महत्त्व मी काय सांगू?

युरोपातल्या चेटकिणींवर त्यांनी १९२१ मध्ये मांडलेला सिद्धान्त पुढच्या अभ्यासकांनी पुराव्यानिशी मोडीत काढला. तो भाग सोडून द्या. १९३५ ला निवृत्त झाल्यावरही त्या लिहीतच राहिल्या. १९६३ मध्ये, शंभराव्या वर्षी, आत्मचरित्र प्रसिद्ध झालं आणि त्याच वर्षी त्या गेल्या.

आता लिपीबद्दल. घरी शिकता येते. आमच्याकडे वाईत मोडी शिकायला येणाऱ्यांना मी सांगते तेच तुम्हाला सांगते : आधी हात बसवा. सुरुवातीला एकेका व्यंजनाची साधारण २४ चिन्हं घ्या. घुबड म्हणजे म, पाण्याची लाट म्हणजे न, शिंगवाला साप म्हणजे फ. स्वर लिहीतच नसत. ओळ कुठून वाचायची ते पक्षी-प्राण्यांच्या तोंडावरून ठरतं. त्यांची तोंडं ओळीच्या सुरुवातीकडे असतात, म्हणजे साप उजवीकडे बघत असेल तर उजवीकडून वाचा. लंबगोल चौकटीत दिसतं ते राजाचं नाव.

मराठी विश्वकोशातली ईजिप्तवरची नोंद मोबाइलवर फुकट वाचता येते; राजवंशांचा क्रम तिथून पक्का करा. सुट्टी काढून बडोद्याच्या संग्रहालयात जा, तिथे खरी ममी आहे. मुलीलाही न्या. नोकरी मात्र सोडू नका. चिन्हांची वही भरली की एक पान मला पाठवा, चुका लाल पेनाने दाखवून परत करीन.