शिक्षा लागल्यावर फिर्यादीशी तडजोड केली, तर शिक्षा रद्द होते का?

तुम्ही लिहिलंय की मेहुण्याला कलम ३२६ खाली (घातक हत्याराने गंभीर दुखापत) दोन वर्षांची शिक्षा लागली, फिर्यादी पाच लाखांवर तयार झालाय, स्टॅम्पपेपरवर सह्याही झाल्या, मग 'आता प्रकरण मिटलंच ना?' नाही मिटलं. स्टॅम्पपेपरवर तुमचं दोघांचं मिटलं. खटला सरकारने लावलेला असतो, त्याला तुमचा नोटरी विचारत नाही.

मी वकील नाही. मी फिर्यादी होते आणि शिक्षा लागलेल्या आरोपीशी मी तडजोड केली, त्यावरून घरात अजून ऐकून घेते, म्हणून लिहितेय.

धनकवडीत आमची जुनी सोसायटी. उन्हाळ्यात टँकर आला की वरच्या मजल्यावरचा एक जण व्हॉल्व्ह गुपचूप आपल्या विंगकडे फिरवायचा. एके दिवशी मी तिथेच पकडला. त्याने आधी शिवी घातली, मग ढकललं. पायरीवर उजवा हात टेकून पडले आणि मनगट मोडलं. माझं पोळीभाजी केंद्र आहे. प्लेट बसवल्यानंतर पहिल्यांदा लाटायला घेतलं तर लाटणं फिरेचना, सगळ्या पोळ्या एका कडेला जाड. गिऱ्हाईक तोंडावर काही बोललं नाही, डबे मात्र एकेक करून बंद झाले.

कलम ३२५ (गंभीर दुखापत) आणि ५०४ (शिवी देऊन अपमान) लागलं. शिवाजीनगर कोर्टात केस रेंगाळली. साक्षीदार वॉचमन नोकरी सोडून गावी गेला होता, त्याला समन्स पोचवण्यातच तारखा गेल्या. शेवटी सहा महिने आणि दंड. त्याने सेशनला अपील केलं, जामीन मिळाला आणि पुन्हा त्याच जिन्यात रोज समोर.

मग त्याची आई पाकीट घेऊन आली. पाकीट मी उघडलंसुद्धा नाही. म्हटलं, ऑपरेशनचं बिल, फिजिओथेरपी आणि केंद्र बंद होतं तेवढ्या दिवसांचा धंदा, याचा हिशोब मी कागदावर देते. तेवढेच पैसे, तेही बँकेतून. आणि सोसायटीच्या मीटिंगमध्ये सगळ्यांसमोर माफी, आईने नाही, त्याने. पैसे लगेच आले. माफीला वेळ लागला.

तडजोडीची पुरसिस (कोर्टाला द्यायचं लेखी निवेदन) दिली त्या दिवशी जजसाहेबांनी मला पुढे बोलावलं. आधार कार्ड बघितलं. "बाई, कुणाचा दबाव आहे का? पैसे किती घेतले?" मी आकडा भर कोर्टात मोठ्याने सांगितला. लाजायचं काय त्यात, प्रत्येक रुपयाचं बिल होतं. ३२५ कोर्टाच्या परवानगीने मिटवता येतं आणि शिक्षा झालेली असेल तर ती परवानगी अपील ऐकणारं कोर्ट देतं. जुन्या सीआरपीसीत (फौजदारी प्रक्रिया संहितेत) हे कलम ३२०, आता नव्या नागरिक सुरक्षा संहितेत ३५९. परवानगी मिळाली की आरोपी निर्दोष सुटल्यासारखाच.

मागच्या बाकावर माझा दादा बसला होता. बाहेर आल्यावर म्हणाला, "विकली गेलीस."

याच दादाच्या चेक बाउन्सच्या केसमध्ये समोरच्याला कैद लागली होती. अपिलात तो माणूस पैसे घेऊन आला, दादाने सही केली, शिक्षा गेली. उशिरा तडजोड केली म्हणून सुप्रीम कोर्टाच्या २०१० च्या निकालाप्रमाणे त्या माणसाला चेकच्या रकमेच्या १५ टक्के विधी सेवा प्राधिकरणाला वर भरावे लागले (२०२५ मध्ये हा दर या टप्प्याला साडेसात टक्क्यांवर आणलाय). तेव्हा घरी पेढे आले. विचारलं की म्हणतो, "तो व्यवहार होता, हा गुन्हा आहे." अरे, कैद दोन्हीकडे लागली होती ना! कुठला गुन्हा ज्याचा त्याने मिटवायचा याची यादी कायद्यानेच केली आहे, ३२५ त्या यादीत आहे आणि मनगट माझं होतं. दादा तारखांना सोबत आला हे खरं, पण कणीक त्याला मळायची नव्हती.

आता तुमचं ३२६ (नव्या न्याय संहितेत ११८ चं दुसरं उपकलम). हे त्या यादीत नाही. त्यामुळे सेशन कोर्ट ते मिटवू शकत नाही, फार तर तडजोड लक्षात घेऊन शिक्षा कमी करेल. रद्दच हवं असेल तर हायकोर्टाचे अंगभूत अधिकार, पूर्वीचं कलम ४८२, आताचं ५२८. रामगोपाल विरुद्ध मध्य प्रदेश या २०२१ च्या निकालाची प्रत वकिलांकडून मागून घ्या. त्यातही ३२६ च होतं, फरशीच्या, म्हणजे कुऱ्हाडीच्या, वाराने करंगळी तुटली होती, तीन वर्षांची शिक्षा लागली होती, आणि सुप्रीम कोर्टाने सगळं रद्द केलं. पण त्याच वर्षी मुंबई हायकोर्टाच्या नागपूरच्या पूर्णपीठाने बजावलंय की नुसती तडजोड झाली म्हणून लागलेली शिक्षा उडत नाही. जखम किती मोठी, तडजोड मनापासून आहे का, गुन्ह्याच्या आधी आणि नंतर आरोपी कसा वागला, हे सगळं बघतात. आणि त्यासाठी पुण्याहून मुंबईच गाठावी लागेल. कोल्हापूरला २०२५ च्या ऑगस्टमध्ये हायकोर्टाचं सर्किट बेंच (फिरतं पीठ) सुरू झालं, त्यात पुणे नाही. डेक्कन क्वीन धरा.

एक खटकलं ते सांगते. तुमच्या एवढ्या लांब प्रश्नात मेहुणा कुठेच नाही. पैसे तुम्ही जमवले, बोलणी तुम्ही केली, प्रश्नही तुम्हीच विचारताय. तो फिर्यादीच्या दारात गेला का? पाच लाख हा आकडा कुठून आला, बिलं बघून की घासाघीस करून? हायकोर्टात हेच विचारतील आणि फिर्यादी चाचरला की संपलं.

हे सगळं मारामारीपुरतं. खून, बलात्कार, दरोडा यांत तडजोड चालत नाही. मेहुणा पोलीस भरतीच्या नादात असेल तर तडजोडीने सुटणं म्हणजे सन्मानाने निर्दोष सुटणं नव्हे, तिथे अडवू शकतात. फिर्यादी तुमच्या ओळीत राहणारा, तुमच्याकडे कामाला असलेला वगैरे, म्हणजे तुमच्या दबावाखाली येऊ शकणारा असेल तर माझं उदाहरण त्याच्यासमोर अजिबात नाचवू नका.

आणि अपील केलंय की नाही हे तुम्ही लिहिलेलंच नाही. सेशनला ३० दिवसांची मुदत असते. ती उलटली असेल तर आधी विलंबमाफीचा अर्ज, पाच लाखांचं नंतर बघा.