दुसऱ्या महायुद्धात महिला वैमानिक खरंच लढल्या, की फक्त विमानं पोचवली?

लढल्या. सोव्हिएत रशियाच्या ५८८व्या रेजिमेंटच्या मुली लाकूड-कापडाच्या पो-२ विमानांतून जर्मन ठाण्यांवर बॉम्ब टाकायच्या, एकेका रात्रीत अनेक खेपा. १९४४पर्यंत पॅराशूटसुद्धा नव्हतं त्यांच्याकडे. रशियाचीच लिडिया लित्व्याक लढाऊ विमानावर होती. १ ऑगस्ट १९४३ला गेली तेव्हा वय २१.

पण तुमच्या प्रश्नातलं 'फक्त' मला खुपलं.

माझे आबा चासी ड्रायव्हर होते. पिंपरीच्या कारखान्यातून निघालेली ट्रकची उघडी चासी, ना केबिन ना काच, बसायला फळकूट. थंडीत आई त्यांच्या स्वेटरच्या आत वर्तमानपत्राचे कागद सारायची. तोंडाला मफलर, डोळ्यांना गॉगल. गाडी पोचली की मिळेल त्या रेल्वेने परत. घरी आले की आधी डोळे धुऊन गुलाबपाणी घालायचे, तोवर ताटावर बसता यायचं नाही. आत्याचे मिस्टर स्वतः ट्रकवर. चार माणसं जमली की म्हणायचे, "रिकामी गाडी नेऊन सोडायची, त्यात कसली ड्रायव्हरी?" आबा मान खाली घालून जेवत राहायचे.

आता ब्रिटनच्या एटीएतल्या, म्हणजे विमानं पोचवणाऱ्या संस्थेतल्या बायका बघा. जानेवारी १९४०मध्ये पॉलिन गॉवर यांच्या हाताखाली आठजणींनी सुरुवात केली, उघड्या टायगर मॉथमधून, ऐन हिवाळ्यात. पुढे स्पिटफायरसारखी लढाऊ विमानं, हॅलिफॅक्ससारखी मोठी बॉम्बफेकी विमानंसुद्धा. रेडिओशिवाय, ढगांखालून, रस्ते आणि रूळ बघत जायचं. जे विमान कधी हाताळलंच नाही, त्याचं एक पान छोट्या वहीत वाचायचं आणि उडायचं. १९३०मध्ये एकटी इंग्लंडहून ऑस्ट्रेलियाला उडत गेलेली अ‍ॅमी जॉन्सन ५ जानेवारी १९४१ला असंच एक विमान पोचवताना थेम्स नदीच्या मुखाशी जिवानिशी गेली. अमेरिकेच्या वॅस्प या महिला वैमानिकांच्या तुकडीतल्या ३८ जणी मेल्या आणि त्या तुकडीला माजी सैनिक म्हणायला १९७७ उजाडलं. हे 'फक्त' आहे?

इंग्लंड-अमेरिकेने बायकांना लढाईवर पाठवलं नाही, हे खरं. आणि आबांच्या वाटेवर युद्ध नव्हतं, तेव्हा बरोबरी करत नाही. पण कुणाच्याही कामाला 'नुसतं पोचवणं' म्हणायच्या आधी, लढणाऱ्याला विमान कुणी आणून दिलं ते विचारत जा.

आत्याच्या मिस्टरांचा ट्रकही कुणीतरी असाच फळकुटावर बसून आणला होता. आबांनी त्यांना हे कधी ऐकवलं नाही, आणि मी तेव्हा लहान होते.