वाचकांचे प्रश्न : कागदावरचा एन८३.२

मी डॉक्टर नाही. रुग्णालयाच्या रेकॉर्ड विभागात २६ वर्षं काढली, त्यातली निम्मी स्त्रीरोग विभागाच्या फाइलींना कोड, म्हणजे आजाराची अक्षर-अंकांतली खूण, देण्यात गेली. या वेळच्या टपालात चार पत्रं अंडाशयातल्या सिस्टबद्दलच निघाली, म्हणून बाकीची बाजूला ठेवली आहेत.

प्रश्न : माझी मुलगी २३ वर्षांची आहे. पोटात दुखलं म्हणून दोन दिवस दाखल केलं होतं. डिस्चार्ज कार्डावर ‘डाव्या अंडाशयात सिंपल सिस्ट, ४ सेंमी’ असं लिहून पुढे एन८३.२ घातलं आहे. मी शोधलं तर त्याचा अर्थ ‘अंडाशयाच्या इतर व अनिर्दिष्ट सिस्ट’ असा निघाला. म्हणजे डॉक्टरांना निदान झालंच नाही का? माझ्या जावेच्या कागदावर डी२७ होतं आणि ते ट्यूमरचं निघालं. आमचंही पुढे तसंच होईल का? – एक आई

उत्तर : ताई, ‘अनिर्दिष्ट’ वाचून धसका घेतलेल्या तुम्ही पहिल्या नाही. आमच्या खिडकीशी येऊन याच शब्दावर बोट ठेवून भांडलेली माणसं मी पाहिली आहेत. आधी तुमच्या कार्डावर काय लिहिलंय ते बघा. ‘सिंपल सिस्ट’. डॉक्टरांनी निदान लिहिलेलं आहे. पातळ भिंतीची, आत नुसतं पाणी असलेली गाठ, एवढा त्याचा अर्थ. आणि जागतिक आरोग्य संघटनेच्या आजारांच्या यादीत, म्हणजे आयसीडी-१० मध्ये, सिंपल सिस्टची जागा एन८३.२ हीच आहे. एन८३.० फॉलिक्युलर सिस्टला (बीज वाढवणारी पिशवी फुगून झालेली), एन८३.१ कॉर्पस ल्युटियमच्या सिस्टला (बीज सुटल्यावर उरलेल्या पिशवीची), आणि या दोन्ही नावांनी न ओळखली गेलेली, पण साधी म्हणावी अशी गाठ .२ मध्ये. ‘इतर’ म्हणजे वेगळं नाव असलेली आणि ‘अनिर्दिष्ट’ म्हणजे नावच न लिहिलेली, अशा दोघींना या यादीने एकाच खोलीत ठेवलंय. बिऱ्हाड एक म्हणून दोघी सारख्या होत नाहीत.

असली खोली मुळात लागते कशाला? या यादीचा उगम मोजणीत आहे. १८९३ साली झाक बर्तियाँ या फ्रेंच संख्याशास्त्रज्ञाने मृत्यूच्या कारणांची यादी मांडली, तिचीच ही पणती. ज्यातून माणूस मरत नाही असे आजार तिच्यात नीटपणे आले ते १९४८ च्या सहाव्या आवृत्तीत. मोजणाऱ्याला प्रत्येक कागद कुठल्या ना कुठल्या कप्प्यात टाकावाच लागतो, म्हणून जवळपास प्रत्येक गटाच्या शेवटी असा एक ‘इतर’ असतो. तुमच्या मुलीला काय झालंय हे तो कप्पा सांगत नाही, ते कार्डावरचे शब्द सांगतात.

आता जावेचं डी२७. ‘गाठ’ हा शब्द आपण सगळ्यांना एकच वापरतो, यादी मात्र गाठ कशाची बनली आहे ते विचारते आणि अक्षरच बदलते. पाळीच्या चक्रात बीज तयार होताना जी पिशवी उरते किंवा फुगते ती ‘एन’मध्ये. तिथे नवीन वाढ नसते, नेहमीचं काम जरा लांबलेलं असतं. एंडोमेट्रिओसिसमुळे (गर्भाशयासारखं अस्तर भलतीकडे वाढल्याने) होणारी, जुन्या रक्ताने भरलेली चॉकलेट सिस्टही ‘एन’मध्येच, पण एन८०.१ मध्ये. जन्मापासूनची असेल तर क्यू५०.१. डर्मॉइड, जिच्यात केस, चरबी, कधी दातसुद्धा सापडतात, ती डी२७. ‘डी२७’ म्हणजे अंडाशयाची सौम्य वाढ. ट्यूमर म्हटलं की आपल्याला कॅन्सरच ऐकू येतो, पण अंडाशयाच्या कॅन्सरचा कोड सी५६ आहे. जावेला हे आजच सांगा, इतके दिवस ती मनात काय घेऊन बसली असेल!

तुमच्या मुलीचा कोड बदलेल का? गाठ काढली आणि पॅथॉलॉजीच्या रिपोर्टात दुसरं नाव आलं तर बदलेल. या वयातल्या पुष्कळशा साध्या सिस्ट दोन-तीन पाळ्यांत आपोआप जिरतात, मग बदलायला काही उरतच नाही. पुन्हा सोनोग्राफी कधी, ते डॉक्टरांनी सांगितलं असेलच. तोवर एकाएकी भयंकर दुखून उलट्या सुरू झाल्या तर मात्र तारखेची वाट न बघता रुग्णालय गाठा. अंडाशयाला पीळ पडलेला असू शकतो (त्याचा कोड एन८३.५, पण त्या वेळी कोड कुणी विचारत नाही).

रिपोर्टाचा विषय निघालाच आहे तर माझी एक चूक सांगते. एका बाईंची सिस्ट काढली, तिसऱ्या दिवशी त्या घरी गेल्या, मी एन८३.२ देऊन फाइल बंद केली. पॅथॉलॉजीचा रिपोर्ट आठवड्याने आला, ‘सिरस सिस्टअ‍ॅडिनोमा’, म्हणजे अंडाशयाची एक सौम्य वाढ. कुणीतरी तो फाइलीला टाचला आणि फाइल कपाटात गेली. वर्षअखेरीचा ताळा करताना ती माझ्या हाती लागली. बाईंच्या उपचारात काही बिघडलं नव्हतं, पण आमच्या आकड्यांत एक डी२७ वर्षभर चुकीच्या घरात राहिली होती. तेव्हापासून रिपोर्ट यायचा असलेल्या फाइलींवर मी लाल पेन्सिलीने ‘प’ काढायला लागले आणि त्या टेबलाच्या डाव्या कोपऱ्यातून हलू दिल्या नाहीत. साहेब ढिगाऱ्यावरून बोलायचे. बोलू दिले.

प्रश्न : मी अमेरिकी पद्धतीच्या मेडिकल कोडिंगचा अभ्यास करतोय. सराव पेपरात बाह्यरुग्ण विभागातली केस होती : ‘दोन्ही अंडाशयांत सिस्ट. डावीकडची बहुधा एंडोमेट्रिओमा.’ मी उजवीला एन८३.२० आणि डावीला एन८०.१ दिलं. दोन्ही चूक! असं का? – एक विद्यार्थी

उत्तर : तू घसरलास तो ‘बहुधा’वर. (एंडोमेट्रिओमा म्हणजे वर आलेली चॉकलेट सिस्टच.) अमेरिकेच्या नियमांत बाह्यरुग्णाच्या कागदावर ‘बहुधा’, ‘संशय’, ‘नाही ना ते बघणे’ असं काही लिहिलेलं असेल तर तो आजार झालाय असं धरायचं नाही. जेवढं खात्रीने लिहिलंय तेवढंच कोडायचं. इथे खात्री फक्त सिस्टची आहे. गंमत अशी, की तीच बाई दाखल असती आणि डिस्चार्जच्या वेळी डॉक्टरांनी ‘बहुधा एंडोमेट्रिओमा’ लिहिलं असतं, तर ते झालंय असं धरून कोड द्यावा लागला असता. नव्या मुलांना हा नियम उफराटा वाटतो. मलाही वाटायचा, पाठ करून टाकला.

दुसरी चूक अंकांची. १ ऑक्टोबर २०१६ पासून अमेरिकी यादीत या कोडांना बाजू जोडली गेली. उजवी अनिर्दिष्ट सिस्ट एन८३.२०१, डावी एन८३.२०२, बाजूच लिहिलेली नसेल तर एन८३.२०९. नाव असलेल्या ‘इतर’ सिस्टना त्याच क्रमाने एन८३.२९१, .२९२, .२९९. (वर म्हटलेल्या त्या दोघी इथे वेगळ्या झाल्या बघ.) ‘दोन्ही’साठी एकच कोड शोधू नकोस, तो नाहीच. उजवीचा आणि डावीचा असे दोन लिहायचे. म्हणजे तुझं उत्तर एन८३.२०१ आणि एन८३.२०२. तुझं एन८०.१ सुद्धा ऑक्टोबर २०२२ पासून तिथे अपुरं आहे, त्याच्यापुढेही अंक वाढलेत. तुझं पुस्तक कुठल्या वर्षाचं आहे ते आधी बघ. सेकंडहँड घेतलं असशील तर चूक तुझी कमी, पुस्तकाची जास्त.

आणि पुढच्या पेपरात हमखास येणारं एक : सोनोग्राफीत ‘डॉमिनंट फॉलिकल (बीजाची सगळ्यांत मोठी पिशवी), २१ मिमी’ लिहिलेलं असतं आणि मुलं घाईने फॉलिक्युलर सिस्टचा कोड देतात. बीज सुटण्याआधी फॉलिकल एवढा वाढायलाच हवा! ज्या बाईचं अंडाशय वेळेवर काम करतंय तिला तू आजारी ठरवलंस. डॉक्टर ‘सिस्ट’ म्हणाले नसतील तर तू म्हणायचं नाही.

प्रश्न : माझ्या रिपोर्टात ‘दोन्ही अंडाशयांत अनेक छोट्या सिस्ट’ असं आहे, पण कार्डावर कोड ई२८.२. ही टायपिंगची चूक तर नव्हे? – वय वर्षं २९

उत्तर : चूक नाही. ई२८.२ हा पॉलिसिस्टिक ओव्हरी सिंड्रोमचा कोड आहे आणि ‘ई’ हे हॉर्मोन व चयापचयाचं प्रकरण. एन८३.२ खाली तर स्पष्टच लिहिलेलं असतं, की हा आजार इथे घालू नका. तुमच्या रिपोर्टातल्या त्या छोट्या सिस्ट म्हणजे बहुतेक वेळा २ ते ९ मिलिमीटरचे, वाढ अर्धवट राहिलेले फॉलिकल असतात. ‘सिस्ट’ हा शब्द त्या नावात जुन्या काळापासून चिकटलाय, दुसरं काही नाही. निदान नुसत्या चित्रावरून होत नाही. पाळीची अनियमितता आणि पुरुषी हॉर्मोनची लक्षणं किंवा तपासण्या यांचाही विचार २००३ पासूनच्या निकषांत आहे. रिपोर्टात फक्त अंडाशय ‘तसं दिसतं’ एवढंच असेल आणि डॉक्टरांनी काहीच लिहिलं नसेल, तर मी फाइल परत पाठवून विचारत असे.

प्रश्न : कार्डावर ‘उजवी सिस्ट’, सोनोग्राफीत ‘डावी’. पुढच्या महिन्यात ऑपरेशन आहे. रेकॉर्ड विभाग म्हणतो, कोड बरोबरच आहे. – गोंधळलेली

उत्तर : त्यांचं खरं आहे आणि तुमच्या उपयोगाचं नाही. जागतिक यादीतल्या एन८३.२ मध्ये (अमेरिकी नव्हे) बाजू नसतेच, त्यामुळे कोड दोन्हीकडून बरोबर दिसणार. तुम्ही दोन्ही कागद घेऊन आजच्या आज डॉक्टरांकडे जा. कोणती बाजू खरी हे फिल्म बघून स्वतः ठरवू नका, कारण चित्रात उजवी बाजू बहुतेकदा डाव्या हाताला दिसते. कार्ड चुकलं असेल तर जुनी नोंद वाचता येईल अशी एका रेघेने खोडून, शेजारी योग्य बाजू, तारीख आणि डॉक्टरांची सही हवी. रिपोर्ट चुकला असेल तर सोनोग्राफी करणाऱ्यांकडून दुरुस्त प्रत घ्या. आणि ती ऑपरेशनच्या फाइलीत लागली का, ते दाखल होताना स्वतः उघडून बघा.