दारावर चिकटवलेली नोटीस फाडू नका

प्रश्न : गृहकर्जाचे चार हप्ते थकले. कंपनीने ‘सरफेसी’ची ६० दिवसांची नोटीस पाठवली आहे. दिवाणी कोर्टातून मनाई मिळेल का? (नाशिक)

उत्तर : त्या वाटेला जाऊ नका. थकलेल्या कर्जापोटी कोर्टात न जाता तारण घर ताब्यात घेऊन विकू देणाऱ्या २००२ च्या या कायद्याच्या कलम ३४ने ते दार बंद केलेय. नुसत्या नोटिशीवर कर्ज वसुली न्यायाधिकरणातही (डीआरटी) जाता येत नाही. लेखी हरकत मात्र घेता येते, आणि नेमका इथेच लोक आळस करतात. भरलेला हप्ता जमा दाखवला नसेल, व्याजाचा आकडा फुगला असेल, तर खातेउताऱ्यासह लिहा आणि पोच जपून ठेवा. कंपनीला १५ दिवसांत कारणांसह उत्तर द्यावे लागते. दिले नाही, तर तोच मुद्दा पुढे कामी येतो.

प्रश्न : दारावर ताब्याची नोटीस लावून गेले, पण राहतो आम्हीच. प्रत्यक्ष बाहेर काढायला आले की हायकोर्टात जाऊ, असे एक परिचित म्हणतात. (पिंपरी)

उत्तर : परिचितांना नमस्कार करा आणि वकील गाठा. हा कागदोपत्री ताबा असला, तरी डीआरटीत अर्ज करण्याचे कलम १७ चे ४५ दिवस याच तारखेपासून मोजलेले बरे. घर हातात असतानाही डीआरटीत अर्ज चालतो, हे सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये सांगितले आहे. हायकोर्ट बहुधा तुम्हाला तिकडेच पाठवेल. सत्यवती टंडन प्रकरणापासून (२०१०) हेच धोरण आहे.

नोटीस रागाने फाडू नका. तारीख दिसेल असा फोटो काढा. ती सात दिवसांत दोन वर्तमानपत्रांत, त्यातल्या एका स्थानिक भाषेतल्या, छापून यायला हवी; तीही कात्रणे जमवा. पुण्यात डीआरटी आहे. अर्ज दाखल झाला म्हणजे कारवाई थांबली, असे नाही. स्थगिती वेगळी मागावी लागते आणि बहुतेक वेळा काही रक्कम भरायला सांगतात. पैशांची तजवीज करूनच जा. अर्जाआधी ७५ टक्के भरण्याची जुनी अट मात्र २००४ मध्येच रद्द झाली. डीआरटीच्या निकालाविरुद्धच्या अपिलात ५० टक्के भरावे लागतात. ते २५ पर्यंत कमी होऊ शकतात.

प्रश्न : लिलावाची जाहिरात आली. आता भावाने पैसे उभे केले आहेत. (ठाणे)

उत्तर : उशीर झाला. २०१६ च्या दुरुस्तीनंतर जाहिरात छापली की थकबाकी भरून घर सोडवण्याचा हक्क संपतो. २०२३ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने बाफना मोटर्स प्रकरणात तेच उचलून धरले. मला हा नियम फार कठोर वाटतो. आता मूल्यांकन झाले का, विक्रीची ३० दिवसांची नोटीस मिळाली का, हे तपासा. चूक सापडली तर डीआरटी विक्री रद्द करू शकते.

प्रश्न : कर्ज सहकारी बँकेचे आहे. त्यांना हा कायदा लागू नाही ना? (कोल्हापूर)

उत्तर : लागू आहे. तुमच्याच जिल्ह्यातल्या मुरगूडच्या बँकेच्या खटल्यात २०२० साली घटनापीठाने तो वाद मिटवला. पतसंस्थेचे असते, तर महाराष्ट्र सहकारी संस्था कायद्याच्या कलम १०१ च्या वसुली दाखल्याची गोष्ट वेगळी.