रीळ एकाकडे, हक्क दुसऱ्याकडे

प्रश्न : पानशेतच्या पुरावर माहितीपट करतोय. यूट्यूबवर पुराची दृश्यं सापडली. दहा सेकंदांपर्यंत वापरलं तर चालतं, हे खरं का? (एक विद्यार्थी, कोथरूड)

दहा सेकंदांचा नियम एडिटिंगच्या टेबलावरच जन्मला, कायद्यात तो कुठेच नाही. कॉपीराइट कायद्याच्या कलम ५२ मधली सवलत समीक्षा, वार्तांकन अशा कामांसाठी आहे. निवेदनाखाली पडदा भरायला नाही.

तुमची बाजू दुसरीकडून मात्र भक्कम असू शकते. भारतात चित्रफितीचा कॉपीराइट प्रकाशनानंतरच्या वर्षापासून ६० वर्षं चालतो. पूर आला १२ जुलै १९६१ ला. एखादं वृत्तचित्र (न्यूजरील) त्याच वर्षी दाखवलं गेलं असेल, तर त्याची मुदत २०२१ अखेर संपली. म्हणून आधी शोधायचं ते मूळ कुणी, कधी दाखवलं हे. चॅनलवाल्याची परवानगी घेऊन उपयोग नाही, बहुतेकदा तोही उचललेलाच माल असतो. आणि तो पूर पानशेतचाच आहे ना? पुण्याचा लकडी पूल, नदीकाठची घरं ओळखू येईपर्यंत मी तरी विश्वास ठेवत नाही.

प्रश्न : सत्तरच्या दशकातल्या एका मराठी चित्रपटाची प्रिंट लॉ कॉलेज रस्त्यावरच्या संग्रहालयात आहे. क्लिप तिथूनच मिळेल ना?

राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय १९६४ पासून चित्रपट जपतंय, पण जपणारा म्हणजे मालक नव्हे. आधी निर्मात्याचं किंवा त्याच्या वारसांचं लेखी ना-हरकत पत्र, मग संग्रहालयाकडे प्रतीसाठी अर्ज. क्लिपमध्ये गाणं असेल तर संगीत कंपनीकडेही विचारा.

प्रश्न : आजोबांच्या आठ मिलिमीटरच्या रिळांना आंबट वास येतोय. प्रोजेक्टरही आहे. लावून बघू? (सदाशिव पेठ)

नका लावू! तो वास ॲसिटिक ॲसिडचा, म्हणजे फिल्मचा ॲसिटेट पाया विघटित होतोय. अशी फिल्म आकसते, कडेच्या भोकांमधलं अंतर बदलतं आणि प्रोजेक्टरचे दात ती फाडतात.

खिडकीजवळ उजेडात सुरुवातीची वीतभर पट्टी उलगडा, कडेला धरूनच. भोक चौकटीच्या (फ्रेमच्या) मध्यावर आणि बारीक असेल तर सुपर एट, म्हणजे १९६५ नंतरची. दोन चौकटींच्या सीमेवर आणि मोठं असेल तर साधी आठ मिलिमीटर. स्कॅन करणारा हेच पहिल्यांदा विचारेल. वास येणारी रिळं चांगल्या रिळांपासून लांब ठेवा, हा रोग पसरतो. पोटमाळ्यावर तर अजिबात नको, उन्हाळ्यात पत्र्याखाली भट्टी होते. सुपर एटचं ५० फुटांचं रीळ तीन मिनिटं वीस सेकंदांचं, तेव्हा स्कॅनिंगचं गणित आधी घालून घ्या. डबीवर आजोबांनी पेन्सिलने काही लिहिलं असेल तर त्याचाही फोटो काढा.

प्रश्न : क्लिप वापरण्याचा दर कसा ठरतो?

सेकंद, देश, माध्यम आणि मुदत यांवर. किमान किती सेकंदांचे पैसे लावतात तेही विचारा. चार वापरले तरी बिल तीसचं येऊ शकतं. आज महोत्सवापुरतंच घेत असाल तर टीव्ही आणि ओटीटीचे दर त्याच पत्रात लिहून घ्या. चित्रपट विकला गेल्यावर मागायला गेलात, तर भाव ते ठरवतील.