गुणोत्तराची शाब्दिक उदाहरणे ‘क्ष’ न मानता, केवळ भाग पाडून सोडवता येतात का?

बहुतेक सर्व येतात. ‘ही लहान मुलांची पद्धत आहे, स्पर्धा परीक्षेत ती टिकत नाही’ असे आपल्या शिकवणीत सांगितले गेल्याचे आपण लिहिले आहे, ते मला मुळीच मान्य नाही.

सोलापूर जिल्ह्यात, मोहोळ तालुक्यात, आमची विहीर आजोबा आणि त्यांचे दोन भाऊ यांच्यात सामाईक होती. आजोबांचा हिस्सा आठ आणे, मधल्या भावाचा पाच आणे आणि धाकट्याचा तीन आणे, म्हणजे 8:5:3. शेतीपंपाला दिवसाकाठी आठ तास वीज मिळत असे आणि पाण्याची पाळी आठ दिवसांची होती; त्यामुळे एकूण 64 तास, एकूण 16 भाग, एका आण्याला चार तास आणि वाटे 32, 20 व 12 तासांचे, हे आजोबा तोंडी सांगत. पुढे त्यांनी आपल्यातला एक आणा धाकट्या भावाला दिला, तेव्हा ऊस रानात उभा असल्यामुळे नव्या पाळीवरून घरात वाद पेटला. सोलापुरात गणिताच्या शिकवण्या घेणारे आमचे एक नातेवाईक कागदावर समीकरणे मांडत बसले आणि तेवढ्यात आजोबांनी 28, 20, 16 असे सांगून मोटार सुरू करायला माणूस पाठवलाही. ‘ही अडाण्याची रीत’ असा शेरा त्यावर मिळाला, तो मी आजतागायत विसरलेलो नाही.

भास्कराचार्यांच्या 1150 सालच्या ‘लीलावती’त एक उदाहरण आहे: तिघांचे भांडवल 51, 68 आणि 85, व्यापारात सर्वांचे मिळून 300 झाले, तर प्रत्येकाला किती? गुणोत्तर 3:4:5, एकूण 12 भाग, एक भाग 25, म्हणून 75, 100 आणि 125. ही रीत अडाण्याची म्हणायची असेल, तर भास्कराचार्यांनाही त्याच रांगेत बसवावे लागेल.

आपली अडचण गुणोत्तर बदलते तेथे आहे. अशा वेळी काय बदलले नाही ते आधी शोधावे आणि त्याचे भाग दोन्ही गुणोत्तरांत सारखे करावेत. आमच्या विहिरीत एकूण सोळा आणे कायम होते. दूध आणि पाणी 4:1 असताना 10 लिटर पाणी घातल्यावर 2:1 झाले, तर दूध कायम आहे. 2:1 चे 4:2 केले की वाढलेला एक भाग म्हणजे 10 लिटर, म्हणून दूध 40 लिटर. वयांमध्ये फरक कायम राहतो: वडील आणि मुलगा 4:1, वीस वर्षांनी 2:1, म्हणजे फरक आधीसारखाच तीन भागांचा ठेवून 6:3, दोघांचेही दोन भाग वाढले, ते वीस वर्षांचे, म्हणून आजची वये 40 आणि 10.

लेखी परीक्षेत ‘एक भाग = क्ष मानू’ एवढे एक वाक्य वर लिहावे; वस्तुनिष्ठ परीक्षेत कच्चे काम कोणी तपासत नाही.

मात्र उत्पन्नाचे गुणोत्तर 5:4, खर्चाचे 3:2 आणि प्रत्येकाची बचत दिलेली, अशा उदाहरणात उत्पन्नाचा एक भाग आणि खर्चाचा एक भाग सारखाच असेल असे गृहीत धरता येत नाही. तेथे दोन अज्ञात मानून समीकरणे मांडलेलीच सोयीची. तेवढ्यापुरता मी त्या नातेवाइकांच्या बाजूचा आहे.